वरच्या पायरीवरचा आरसा

मित्रांनो, प्रयोगशाळेत पाऊल टाकलंत की तुमची नजर आधी छताला टांगलेल्या त्या वाळक्या फांदीकडे जाते, हे मला ठाऊक आहे. जाऊ दे. पण कपाटाच्या आडोशाला, भिंतीला टेकून मीही उभी आहे. मी एक जुनी शिडी आहे. ती फांदी परवा आली, मी मात्र या खोलीतली सर्वांत जुनी रहिवासी आहे. आता माझंही थोडं ऐका.

एका सुताराने मला एकाच झाडाच्या लाकडातून घडवलं. दोन उभे दांडे आणि सात पायऱ्या. उजव्या दांड्यावर मधल्या पायरीपाशी एक टणक गाठ होती. सुताराने तिच्यावर रंधा मारून मारून हात दुखवून घेतले. शेवटी तो म्हणाला, "इथं फांदी फुटली होती. ही काय जायची नाही." मला त्या गाठीची लाज वाटे. बाकी अंग कसं गुळगुळीत होतं.

शाळेत आले तेव्हा माझं काम साधं होतं. वरच्या फळीवरच्या बरण्या काढायच्या, दिवे बदलायचे. काम झालं की पुन्हा कोपरा. समोरच्या फळ्याकडे दिवसभर सगळ्या वर्गाचे डोळे लागलेले असत आणि माझा जळफळाट होई. काय करणार, माझा स्वभावच तसा आहे.

मग दाढीवाल्या सरांना एक कल्पना सुचली. ते विज्ञान शिकवत. पृथ्वीवरचे प्राणी कसे बदलत आले, हे त्यांना मुलांना दाखवायचं होतं. त्यांनी मला सगळ्यांसमोर, फळ्याशेजारच्या भिंतीला टेकवलं आणि एकेका पायरीवर एकेक चित्र लावलं. सगळ्यांत खाली गोगलगाय, मग मासा, बेडूक, सरडा, कावळा, माकड. सातव्या पायरीसाठी माणसाचं चित्र काही मिळेना, म्हणून त्यांनी घरून दाढी कातरायचा आरसा आणून टांगला.

तो दिवस मी कधी विसरणार नाही. एकेक मूल वर चढे, आरशात बघे आणि हसत उतरे. सर म्हणत, "बघा, गोगलगायीपासून निघालेली ही सगळी वाट तुमच्यापर्यंत येते!" पुढे गावभर माझा बोलबाला झाला. एकदा प्रार्थनाघराचे उपदेशक तावातावाने आले.

"माणूस माकडापासून झाला, असं शिकवता म्हणे पोरांना?"

सर शांतपणे म्हणाले, "आपण जरा वर चढून बघता का?"

उपदेशक धापा टाकत चढले. आरशात त्यांना स्वतःचाच चेहरा दिसला. त्यांनी मिशा नीट केल्या, खाली सहा पायऱ्यांवरच्या प्राण्यांकडे एक नजर टाकली आणि त्यांचा राग पार उतरला. "म्हणजे माणूस सगळ्यांच्या वर आहे ना? मग आमचं काही म्हणणं नाही." ज्याला वर जागा मिळते तो शिडीशी भांडत नाही, हे मी तेव्हाच शिकले.

माझं सर्वांत जास्त कौतुक केलं ते शाळेच्या अध्यक्षांनी. ते कापडगिरणीचे मालक होते. बक्षीस समारंभात त्यांनी मला व्यासपीठावर मागवलं. ते म्हणाले, "निसर्गानंच पायऱ्या केल्यात, मंडळी. मग माणसामाणसांत पायऱ्या असल्या तर रडायचं कशाला?" आणि त्यांनी खरोखरच मुलं उभी केली. वर स्वतःचा मुलगा, त्याच्याखाली डॉक्टरांचा, मग कारकुनाचा, अशी उतरंड करत करत शेवटी गोगलगायीच्या पायरीवर भंगारवाल्याची मुलगी. वर मुलं फार झाली म्हणून मी डगमगले, तेव्हा तिने माझी ती गाठ घट्ट धरली. सगळे टाळ्या वाजवत होते. तिच्या बोटांचा घाम मला जाणवत होता, पण खरं सांगते, माझं सगळं लक्ष टाळ्यांकडे होतं.

वर्षं गेली. दाढीवाले सर निवृत्त झाले. चित्रं फिकी पडली, आरशाला डाग पडले. आणि एक दिवस विज्ञानाच्या नव्या बाई आल्या. येताना वाटेतून एक वाळकी फांदी उचलून आणली, वाळूच्या बादलीत खोचली आणि टेबलावर ठेवली. मग माझ्या अंगावरची चित्रं एकेक करून काढली आणि त्या काटकीच्या टोकाटोकांना बांधली. माझी चित्रं! आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हाच. मला मात्र कपाटामागे ढकललं. गरज सरो, वैद्य मरो.

आडोशातून मला सगळं ऐकू येई.

"बाई, वर कोण आहे?" एका मुलाने विचारलं.

"वर कोणीच नाही. हे बघ, गोगलगाय या टोकाला, कावळा त्या टोकाला, आपण इथे, माकडाच्या शेजारी. मासा काही माणूस व्हायच्या वाटेवर अडकून पडलेला नाही. तो पाण्यात मजेत आहे. आपली सगळ्यांची मुळं खाली एकच, म्हणून आपण सगळी चुलत भावंडं."

"गोगलगायसुद्धा?"

"हो. फार लांबची. पण घरातलीच."

मुलं खिदळली. आपला भाऊ सरडा, आपली बहीण बेडूक, असं मधल्या सुट्टीभर चाललं होतं. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. एक साधी वाळकी काटकी, धड सरळही नाही, आणि तिचा केवढा तोरा! ती बादली कलंडावी, फांदी मोडावी, शिपायाने ती चुलीत घालावी, असं मला रोज वाटे.

आणि माझी वेळ आली. अध्यक्ष शाळा बघायला आले. आता ते म्हातारे झाले होते, हाताशी नातू होता. फांदी बघून त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"हे काय? आमची शिडी कुठाय?"

बाईंनी समजावून सांगितलं. अध्यक्षांनी मान हलवली. "वर कोणी नाही, खाली कोणी नाही, असं शिकवलंत तर उद्या ही पोरं कुणाचं ऐकतील का? काटकी फेका. शिडी लावा. जमत नसेल तर दुसरी शाळा बघा."

मला हर्ष झाला! शिपायाने मला पुसून पुन्हा फळ्याशेजारी उभं केलं, आरसा टांगला. नातू सरसर वर चढला.

"आता बाकीची मुलं उभी करा," अध्यक्ष म्हणाले.

बाई पुढे आल्या. "खालच्या पायरीवर मी उभी राहते, साहेब. ती जागा तुम्हीच मला दिली होती. बक्षीस समारंभात."

त्या चढल्या आणि त्यांच्या हाताने न बघताच माझी गाठ धरली. मी ती पकड लगेच ओळखली. भंगारवाल्याची मुलगी!

अध्यक्ष चष्मा पुसू लागले. तेवढ्यात वरून नातवाचा आवाज आला, "आजोबा, यात फक्त माझंच तोंड दिसतंय. फांदीवर सगळे दिसतात. मी उतरू?"

अध्यक्षांनी त्याला हात देऊन उतरवलं. बाईंची माफी काही मागितली नाही. दारापर्यंत गेले आणि वळून शिपायाला म्हणाले, "राहू दे ती फांदी."

आता माझी पाळी, हे मी ओळखलं. शिपायाने विचारलंच, "बाई, मग ही शिडी भंगारात देऊ?"

इतक्या वर्षांनी सूड घ्यायची संधी बाईंच्या हातात होती. मी असते तर घेतला असता.

"माझे बाबा भंगारवाले होते," बाई म्हणाल्या. "भंगार कशाला म्हणायचं ते मला कळतं. हिची एकही पायरी सैल नाही." मग त्यांनी मुलांना जवळ बोलावून गाठीवर बोट ठेवलं. "आणि हे बघा, इथं हिलाही फांदी होती."

मित्रांनो, त्यानंतर बाई मलाच भिंतीला टेकवून, फांदी हातात घेऊन वर चढल्या आणि ती छताला टांगली. आजही एखादं चित्र निसटलं की मला बोलावतात. म्हणून सांगते, माझ्यावर चढा, दिवे लावा, बरण्या काढा, माझ्या पायऱ्यांना वर्षातून एकदा तेल पाजा. पण माझ्यावर माणसं मांडू नका. त्यासाठी मला कोणी घडवलं नव्हतं.

फांदीचा हेवा अजून वाटतो. सुंभ जळला तरी पीळ जात नाही. पण खोली रिकामी झाली, खिडकीतून वारा आला आणि ती वर हलू लागली, की माझी ती गाठ मला आता लपवावीशी वाटत नाही.