गुजरीतला पासंग्या

“माय, फडकं काढू नको बरं! लोकं पाहून राह्यले,” मनोज आईच्या कानाशी कुजबुजला.

“पाहू दे. चोरी करून राह्यली का मी?” पार्बताबाई एवढ्या मोठ्याने बोलली की मांडवातल्या चार माना वळल्या. तिच्या मांडीवर टोपलं होतं, टोपल्यावर ओलं फडकं आणि फडक्याखाली पासंग्या.

पासंग्या म्हणजे खारीहून जरा मोठा, राखाडी, एक कान आखूड असलेला जीव. मागच्या हिवाळ्यात तो तिला वांग्याच्या वाफ्यात सापडला. तराजूची पारडी सारखी करायला एका बाजूला पासंग लावतात, त्यावरून मनोजने त्याला हे नाव दिलं. कारण तो ज्याच्याजवळ बसेल त्याच्या बाजूला नशीब झुकायचं. पोरांची नाणेफेक असो की पत्त्यांचा डाव. आणि नशीब झुकताना त्याची शेपटी ताठ उभी राहायची. सगळ्या गुजरीने, म्हणजे गावच्या भाजीबाजाराने, ती पाहिलेली होती.

पार्बताबाईचं मात्र त्याच्याशी फारसं सख्य नव्हतं. पहाटे उठून मेथी उपटायची तिने, धुवायची तिने, जुड्या बांधायच्या तिने, आणि माल खपला की शेजारची गोदाबाई म्हणायची, “तुयं काय बाई, तुयापाशी पासंग्या हाये!” ऐकून पार्बताबाईच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. नवरा गेल्यावर लहानग्या मनोजला पाठीशी बांधून ती ह्याच गुजरीत बसली, तेव्हा कुठे होता हा पासंग्या? तरी ती त्याला रोज काकडीचे काप द्यायची. उपाशी जीव तिला बघवत नसे.

आज त्याला आणायचा हट्ट मनोजचा. गुजरीच्या जागेवर कमिटीने सिमेंटचे ओटे बांधले होते. ओटे थोडे आणि बसणारे फार. मग वाटायचे कसे? तर म्हणे ईश्वरचिठ्ठी! सगळ्यांच्या नावाच्या चिठ्ठ्या मडक्यात टाकायच्या, ज्याची निघेल त्याला ओटा. ज्याची निघणार नाही त्याने उद्यापासून गुजरीत बसायचं नाही. बसलाच तर माल जप्त. जिथे आयुष्यभर ऊन सोसलं ती जागा मडक्याकडे मागायची, हेच मुळी पार्बताबाईच्या डोक्यात शिरत नव्हतं. “मायी जागा हाये ते, लॉटरी नाई,” असं ती कमिटीत जाऊन तोंडावर सांगून आली होती. अध्यक्ष पंजाबराव नुसते हसले होते. “काकू, देवावर भरोसा नाई काय?”

त्याच पंजाबरावांनी आता मांडवात देवाला हात जोडले, डोळे गच्च मिटले आणि मडक्यात हात घातला. पहिली चिठ्ठी निघाली स्वप्निलची. हा त्यांचा पुतण्या. जन्मात कोथिंबिरीची काडी विकली नव्हती. दुसरी निघाली त्यांच्या मेव्हण्याची. तिसरी, ज्याने ओटे बांधले त्या ठेकेदाराच्या बायकोची. ती बाई कधी भाजीवाली झाली, हे तिच्या घरच्यांनाही ठाऊक नसावं.

“पारबते, हालव वं त्याले,” गोदाबाई रडकुंडीला येऊन म्हणाली. “मायी बी निघू दे. माया घरी दुसरं काय हाये?”

तोंडदेखले दोन-तीन खरे भाजीवाले निघाले. टाळ्या झाल्या. मग ओटे संपले. पार्बताबाईचं नाव नाही, गोदाबाईचंही नाही. तालुक्याहून आलेले साहेब खुर्चीतून उठले आणि समोर बसलेल्या पार्बताबाईला गोड आवाजात म्हणाले, “नाराज होऊ नका, आजी. तुमच्या नशिबात नव्हतं.”

नशिबात नव्हतं! ती झर्रकन फडकं बाजूला करून बघते तो काय, पासंग्या गाढ झोपलेला. शेपटी चिंधीसारखी लोळत पडलेली. पोरांच्या नाण्यालाही ताठ होणारी शेपटी एवढ्या चिठ्ठ्या निघाल्या तरी हलली नव्हती.

“घ्या! ऐन वख्ताले ह्यानं बी दगा देल्ला,” गोदाबाई म्हणाली.

“त्याले काहून बदनाम करतं?” पार्बताबाई उसळली. “जिथं नशीब असन तिथं तो झुकवन. ह्या मडक्यात नशीबच नाई, तं तो मुका जीव काय झुकवन?”

टोपलं मनोजच्या हातात देऊन ती थेट व्यासपीठावर चढली. “ओ काकू, ओ काकू,” करत पंजाबराव आडवे आले, पण तोवर तिने मडकं उचलून टेबलावर उपडं केलं.

एकही चिठ्ठी पडली नाही.

“आमच्या चिठ्ठ्या कुठी हायेत, भाऊ?” तिने विचारलं. “एवढे लोकं रिकाम्या हातानं बसले हायेत खाली. त्यांचे नावं कुठी गेले? देवानं खाल्ले?”

मांडवात एकच गलका झाला. पंजाबरावांना घाम फुटला. साहेबांनी मात्र आधी घड्याळ पाहिलं, मग बाटलीतून पाण्याचा घोट घेतला आणि माइकवरून जाहीर केलं की तक्रार लेखी द्यावी, रीतसर चौकशी होईल आणि तोवर आजचा निकाल कायम राहील. मग ते जीपमध्ये बसून निघून गेले. मडक्यात काही नव्हतं हे शेकडो डोळ्यांनी पाहिलं, आणि तरी निकाल कायम! ह्याला काय म्हणायचं?

दुसऱ्या दिवशी सकाळी पार्बताबाई रोजच्या वेळेला आली आणि तिच्या जुन्या जागेवर उभ्या असलेल्या ओट्यावर चढून बसली. बोलता बोलता गिऱ्हाईक जमलं. तो ओटा स्वप्निलच्या वाट्याला गेला होता; थोड्या वेळाने तो एका शिपायाला घेऊन आला. शिपाई ओळखीचा होता, तिच्याकडूनच भाजी नेणारा. त्याने मान खाली घातली.

“मावशी, उठा. मले बी वरून आर्डर हाये.”

“बोट लावू नको, बाबू. मले उतरता येते.”

ती गुडघ्यावर हात देऊन सावकाश उतरली. जुड्या तिने एकेक करून खाली घेतल्या आणि ओट्याला पाठ टेकून मातीत पोतं अंथरलं. शिपाई अजून तिथेच उभा होता.

“उभा काहून राह्यला?” ती म्हणाली. “मेथी पाह्यजे का? आज कवळी हाये.”