सात विरुद्ध सात

बाबूसिंगने आपल्याकडे छपाईआधी तपासायला आलेलं पान सरांच्या टेबलावर ठेवलं आणि शेवटच्या ओळीवर बोट टेकवलं. ‘१९९८. अंतिम सामना : वणी–मारेगाव. विजेता : नाही.’

कमलाकर सरांनी चष्मा शोधायला वेळ लावला. वणीच्या कॉलेजात पंचवीस वर्षं त्यांनी पोरांना फुटबॉल शिकवला होता. जिल्ह्यातल्या सहा कॉलेजांच्या स्पर्धेचे चिटणीसही तेच. ती स्पर्धा बंद पडून आठ वर्षं झाली होती आणि आता ते तिचा इतिहास लिहीत होते.

“तीन गोल मारले होते आमी,” बाबूसिंग म्हणाला. “मंग विजेता काहून नाही?”

त्या साली कापसाला भाव नव्हता. वेचणीला मजूर परवडेनात, म्हणून घरची पोरंच शेतात अडकली. मारेगावचा कप्तान बाबूसिंग सात जणांनिशी मैदानात उतरला. अशा वेळी जितके कमी, तितके खेळाडू समोरच्या संघानेही बाहेर बसवायचे, हा या स्पर्धेचा रिवाज. कोण बसणार ते चिठ्ठ्या टाकून ठरायचं. वणीचे चौघे बसले, चांगले उंच, धिप्पाड. मारेगाव तीन-दोनने जिंकलं. पण त्या धिप्पाड चौघांकडे बघून लोकांनी अर्थ काढला तो काढलाच. हिरे बाजूला ठेवून तुमच्यापुढे गोटे टाकले, असं बाजारात कोणीही हिणवायचं. बाबूसिंगच्या सासऱ्यानेही भर पंगतीत विचारलं होतं, जावईबापू, तो कप दानात मिळाला म्हणे? आता पुस्तकातही नाव नसलं, तर तेच कायमचं खरं ठरणार होतं.

“खरं सांगा, सर. चांगले पोट्टे बसवून आमाले जिंकू देलं का तुमी? तसं असन तर राहू द्या हे पान असंच.”

सरांनी पेनाचं टोपण काढलं, पुन्हा लावलं.

“त्या दिवशी मी चिठ्ठ्या टाकल्याच नाहीत.”

बाबूसिंगने पानावरचं बोट उचललं.

“कच्चे चार मीच निवडून बसवले. दिसायलाच दांडगे होते ते. तुमच्यासमोर माझे सगळ्यात चांगले सात होते. निवृत्तीआधी एकदा तरी तो कप हवा होता मला.” सरांची नजर पानावरच होती. “तरी हरलो. विजेता लिहिला की खाली दोन्ही संघ द्यावे लागतात. ती नावं वाचून जाणकारांना सगळं कळलं असतं.”

बाबूसिंग खुर्चीत मागे टेकला. हसू आधी त्याच्या खांद्यांत आलं, मग पोटात उतरलं, आणि मग ते काही आवरेना. चहा घेऊन आलेल्या सरांच्या पत्नी रत्नप्रभाबाईंनी काय झालं म्हणून विचारलं.

सरांनी ‘नाही’ खोडून ‘मारेगाव’ लिहिलं. बाबूसिंगने सातही नावं बापाच्या नावासकट, गावासकट सावकाश सांगितली. शेवटचं लिहून सरांनी पेन खाली ठेवलं.

“थांबा, सर. तुमचे सातबी लिहा. आमी कोनाले हरवलं, ते वाचू द्या लोकाइले.”

सरांनी पुन्हा पेन उचललं.

“गोलकीपरपासून,” बाबूसिंग म्हणाला, आणि त्याने चहा बशीत ओतला.