न धुतलेली फिल्म

हॉलिवूडजवळच्या बरबँकमधल्या एका घरात, फ्रिजच्या खालच्या कप्प्यात, काकडीच्या लोणच्याशेजारी पत्र्याचा एक चपटा डबा सत्तावीस वर्षं पडून होता. त्यावर व्हर्नाच्या अक्षरात लिहिलेलं होतं : 'खायचं नाही. नवऱ्याचं आहे.'

तिचा नवरा लेलंड प्रेविट सिनेमासाठी काचेवर चित्रं काढायचा. नट ज्या दारातून आत जाई तेवढं दार खरं. वरचा किल्ला, डोंगर, आभाळ सगळं लेलंडच्या कुंचल्यातलं. शूटिंगच्या वेळी कॅमेऱ्यापुढे काळा पुठ्ठा लावून चित्राची जागा कोरी सोडायची, फिल्म न धुता थंडीत जपायची आणि चित्र तयार झालं की त्याच फिल्मवर ते टिपायचं. मधूनमधून शेवटाकडचा हातभर तुकडा कापायचा, त्यावर चित्र टिपून तेवढाच धुवायचा आणि खरं नि रंगवलेलं जिथं भेटतं तो सांधा भिंगाखाली तपासायचा. सांधा दिसला तर चित्रकार मेला, असं लेलंड म्हणायचा.

ब्याण्णव साली एक नटी ऐन वेळी आजारी पडली. स्टुडिओच्या शिवणखात्यातल्या व्हर्नाला तिचा झगा चढवून दीपगृहाच्या दाराकडे चालायला लावलं. दाराशी पोचून वळून पाहायचं, एवढंच काम. लेलंड पाच महिने ते दीपगृह रंगवत होता. तेवढ्यात निर्मात्यांनी दुसरी बाई घेऊन तोच प्रसंग संगणकावर बारा दिवसांत उरकला. तो करून दिला डोरीननं, लेलंडच्याच हाताखाली शिकलेल्या मदतनीस मुलीनं. लेलंडनं तिच्याशी बोलणं टाकलं आणि त्या न धुतलेल्या फिल्मचा डबा उचलून घरी आणला.

"निदान धुवून तरी आण," व्हर्ना म्हणाली. "मी कशी दिसते ते बघू दे."

"चित्र पुरं झाल्यावर. अर्धवट काम मी कुणाला दाखवत नाही."

"मग लवकर आटप बाबा. सुरकुत्या पडल्यावर मला ती बाई ओळखू यायची नाही."

त्यानं आटपलं नाही. काच गॅरेजात भिंतीला टेकून राहिली. आपलं नाक कापून दुसऱ्याला अपशकुन करायचा, तसला प्रकार. आणि दुसरा कोण, तर एक यंत्र, ज्याला शकुन-अपशकुन काही कळत नाही. व्हर्ना दर नाताळला विचारायची. मग विचारेनाशी झाली. गेल्या फेब्रुवारीत ती गेली.

अंत्यविधीनंतर डोरीन घरी आली, शिजवलेल्या मकरोनीचं भांडं घेऊन. तिचेही केस आता पांढरे झाले होते. भांडं फ्रिजात ठेवताना तिला डबा दिसला.

"लेलंड, हा द्या मला. धुवून आणते. तुमच्या काचेचा फोटो घेऊन दीपगृह संगणकावर बसवते."

पूर्वी त्यानं तिला दार दाखवलं असतं. आता त्यानं डबा तिच्या हातात दिला.

"सांधा दिसला तरी चालेल," तो म्हणाला. हे वाक्य त्याच्या तोंडून डोरीन प्रथमच ऐकत होती.

दहा दिवसांनी ती आली आणि कोट न काढताच बसली.

"सगळं धुरकट आलंय. फ्रिजमध्येसुद्धा फिल्म इतकी वर्षं टिकत नाही. त्यात चौऱ्याण्णवच्या भूकंपात वीज गेली होती."

"काहीच नाही?"

"दाराची कड दिसते. माणूस नाही." तिनं डबा टेबलावर ठेवला. "तेव्हा कापलेले तुकडे असतील ना? शेवटाकडचे म्हणजे ती वळलेली असणार."

"सात-आठ होते. तपासून झाले की टाकून द्यायचो."

"पण तुम्ही तर पाहिलेत. चांगले तासतासभर बघायचात. कशी दिसत होती? हसत होती का?"

लेलंडनं डोळे मिटले. दगड संपून रंग सुरू होतो ती चौकटीवरची केसाएवढी रेघ त्याला आजही जशीच्या तशी दिसली. एका जागी निळा जरा थंड पडला होता, तोही दिसला. रेघेखाली त्याची बायको उभी होती, त्याच्याकडेच बघत.

"मी सांधा बघत होतो गं," तो म्हणाला.