कोरडीचा दिवस

त्या बंदरात तारीख आकाशातून येत नसे, समुद्रातून येई. आकाशात दोन चंद्र होते खरे, पण त्यांचं जावाजावांसारखं. एकानं पाणी ओढलं की दुसऱ्यानं मुद्दाम सोडायचं. त्यामुळे उद्या कोणता दिवस, हे आज सांगायची कुणाची छाती नव्हती. भरतीचं पाणी धक्क्याच्या ज्या पायरीला लागेल, तेच त्या दिवसाचं नाव; संध्याकाळची भरती आणखी वर चढली, तर तिथून पुढे नाव बदलायचं. खाली शेवाळी, तिच्यावर तुटकी, मग मांजरं ऊन खात पसरायची ती मांजर, आणि सगळ्यात वर कोरडी. पाणी पुन्हा कालच्याच पायरीवर थांबलं तर दिवस बदलायचाच नाही. त्याला शिळा दिवस म्हणत. शिळ्या दिवशी कुणाचं वय वाढत नसे, म्हणून बायामाणसं त्याच्यावर भारी खूश.

दिवस जाहीर करायची हाळीवाली. नाकावर माशी बसू न देणारी बाई, आणि आवाज असा की पलीकडच्या गोदामातला बोका दचकून उठावा. तिनं पायरीच्या अगदी कडेला अनवाणी उभं राहायचं, पाठ समुद्राकडे, तोंड गावाकडे. डोळे हावरे असतात, टाच नसते, असं जुनी माणसं म्हणत. टाचेला पाणी लागलं की हाळी द्यायची. उडालेलं पाणी धरायचं नाही, चढलेलं धरायचं. आजवर तिची एकही हाळी चुकली नव्हती, आणि हे चारचौघांत सांगायला ती लाजतही नसे.

त्या सकाळी ती कोरडीच्या कडेला उभी होती, ती नवरीच्या कपड्यांत.

लग्नं कोरडीलाच लागत आणि भरलेली जहाजंही कोरडीलाच सुटत. बंदराच्या तोंडाशी एक काळा खडक होता, सासू नावाचा. कोरडीइतकं पाणी चढलं तरच सासू नीट बुडायची, एरवी पाण्याखाली दात विचकून बसलेली. नवरदेव होता तांडेल, काठोकाठ भरलेल्या जहाजाचा. बेत सरळ होता: भरतीला लग्न, दोन घास, आणि पाणी फिरायच्या आत प्रवास. पण कोरडी दोनदा हुकली होती आणि चंद्र आता एकमेकांपासून लांब सरकत होते. आजची सकाळ आणि आजची संध्याकाळ, एवढंच हातात होतं. तेही हुकलं तर अर्धा माल उतरवून निघा, असा मालकाचा हुकूम होता. मग तांडेल कधी परतणार आणि लग्न कधी लागणार, ते समुद्रालाच ठाऊक.

"आलं, आलं! बोटभर राहिलंय!" समोरच्या गर्दीतून मामा ओरडला. तेवढ्यात मागे लाट आपटली आणि तिचे दोन्ही पाय भिजले. गावानं एकच गिल्ला केला. वाजवणाऱ्यांनी वाजवायला सुरुवातही केली.

ती हलली नाही. थेंब वरून पडले होते. तळव्याखालचा दगड अजून कोमट होता, कोरडा होता. ती वाट बघत राहिली. पाणी काही वर येईना. एक शब्द बोलायचा अवकाश, माणूस तिचा होणार होता, आणि तिला तो हवा होता, अगदी जिवापाड हवा होता. खरं काय ते कुणालाही कळलं नसतं. पण तिला कळलंच होतं, तिथंच घोडं अडलं.

"मांजर!" तिनं हाळी दिली. "शिळा दिवस!"

वाजंत्री मध्येच थांबली. आई तरातरा वर आली. "अगं भवाने, टाच ओली आहे तुझी! सगळ्या गावानं बघितली!"

"ते उडालं, आई."

"उडालं तर उडालं! समुद्राचंच आहे ना? शेजारणीनं नाही ना ओतलं!"

"गुडघ्याला बाशिंग बांधणारे पुष्कळ पाहिले," मामा म्हणाला, "पण आपल्याच लग्नाला आडवी आलेली नवरी आजच बघतोय."

"मामा, तुमचं काय जातंय ओरडायला? जहाज तुम्हाला न्यायचं नाहीये."

आता सगळे तांडेलाकडे बघायला लागले. तो वळला आणि खलाशांना म्हणाला, "दोर बांधून ठेवा. आज मांजर आहे."

थोड्याच वेळात बंदराच्या तोंडाशी, जहाजाच्या नेमक्या वाटेवर, पाणी पांढरं फुटलं. फेसातून सासूचं काळं टोक वर आलं, गेलं, पुन्हा आलं. आई मटकन पायरीवर बसली.

तांडेल तिच्याजवळ आला. "तू कोरडी म्हणाली असतीस ना, तर मी तिकडे बघितलंही नसतं."

"माहीत आहे," ती म्हणाली. एवढ्या आवाजाची बाई, पण तेवढं ती त्याच्यापुरतंच बोलली.

"मग आता बसायचं का?" मामानं विचारलं. "दिवस शिळा असला तरी स्वयंपाक ताजा आहे." लग्नाआधी लग्नाचं जेवण म्हणून आई कुरकुरली, आणि सगळ्यांत जास्त तीच जेवली.

संध्याकाळी ती पुन्हा उभी राहिली. कपड्यांवर आता जेवणाचा डाग होता. तिला धास्ती वाटत होती आणि ती तिनं लपवली नाही. दोन्ही मुठी आवळून धरल्या होत्या. या वेळी लाट आपटली नाही. गार पाणी मुकाट्यानं दगडावर चढलं आणि टाचेखाली सरकलं. तिनं आणखी एक लाट येऊ दिली.

"अगं बोल की आता! जीव घेतेस का माझा?" आई किंचाळली.

"कोरडी!"

गोदामातला बोका नक्की उठला असणार. लग्न उभ्याउभ्याच लागलं, कारण पाणी कुणासाठी थांबत नाही. तांडेलानं दोर सोडले. भरलेलं जहाज नीट सासूच्या दिशेनं निघालं आणि सगळं गाव श्वास रोखून, माना उंचावून खडकाकडे बघायला लागलं.

तांडेल तेवढा तिकडे बघत नव्हता. सुकाणूवर हात ठेवून तो मागे वळून पायरीवर उभ्या असलेल्या आपल्या बायकोकडे बघत होता.