साठावं गिऱ्हाईक

भाजीची गाडी आली! आठाच्या ठोक्याला ती आमच्या चार इमारतींच्या मधल्या मोकळ्या जागेत येऊन उभी राहिली आणि मला चक्क नाचावंसं वाटलं. शिवण कारखान्यातल्या बेचाळीस वर्षांच्या बाईला ते शोभणार नाही, म्हणून नुसत्या टाळ्या पिटल्या.

या गाडीसाठी मी मंडईच्या कचेरीत वर्षभर चपला झिजवल्या होत्या. आमच्या कोपऱ्यावरच्या दुकानात बिस्किटं मिळतात, नूडल्सची पाकिटं मिळतात. टोमॅटो मिळालाच तर सुरकुतलेला, तोही दुप्पट भावाने. ताजी भाजी हवी तर दोन बस बदलून मंडई गाठा. सासूबाईंना मधुमेह. डॉक्टर म्हणाले, हिरवं खायला घाला. सांगायला त्यांचं काय जातं!

कचेरीची अट एकच होती. पहिल्या दिवशी साडेदहापर्यंत साठ गिऱ्हाइकं झाली तर गाडी दर आठवड्याला येणार, नाहीतर कायमचा रामराम. इथे शंभरावर घरं, साठ म्हणजे हातचा मळ! मी सभेत ठणकावून सांगितलं होतं, "त्या दिवशी प्रत्येक घरात या गाडीचीच भाजी शिजली पाहिजे!"

पावणेदहाला मी ऐटीत मोजणी कारकुनाकडे गेले. त्याच्या हातात आकडे मोजायचं छोटं यंत्र होतं. गिऱ्हाईक झालं की टक्.

"किती झाली?"

"सोळा."

"सोळा? अहो, अर्धी गाडी रिकामी झालीय!"

"झालीय ना. एकेकजण पोतं भरून नेतोय. पण ताई, मला माणसं मोजायला सांगितलंय, भाजी नाही."

माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. चार इमारती, प्रत्येकी चार मजले. सोळा मजले, सोळा माणसं! मंडई लांब, म्हणून आमच्याकडे जुनी रीत आहे: मजल्यावरच्या एकाने जायचं आणि सगळ्यांचं आणायचं. गाडी दारात आली तरी आमच्या शहाण्यांनी मजल्यामागे एकच माणूस धाडला होता. आणि मी अतिशहाणी! प्रत्येकाने स्वतः खाली उतरा, हे सांगायचं मलाच सुचलं नव्हतं. रीत माझ्याही हाडीमाशी खिळलेली. स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटली, पण तेवढाही वेळ नव्हता.

धावत सुटले. सासूबाई मला तोफ म्हणतात. त्या सकाळी तोफेने चारही इमारती हादरवल्या.

"खाली उतरा! पिशवी घ्या आणि उतरा!"

वेल्डरकाका गालाला साबण लावून दारात आले. "अगं, आमच्या मजल्याचं आलं की!"

"आलं तर आलं! आणखी एक लिंबू घ्या, पण स्वतःच्या हाताने घ्या!"

रात्रपाळीचा पहारेकरी डोळे चोळत उतरला. लेकुरवाळ्या लेकरं काखोटीला मारून उतरल्या. बघता बघता रांग जिन्यापर्यंत गेली. टक्, टक्, टक्! तीस, पंचेचाळीस, पंचावन्न!

दहा वीसला आकडा एकोणसाठवर येऊन अडला. बाकी सगळे कामावर गेलेले, माझी स्वतःची मेथीची जुडी कधीच मोजून झालेली. वेल्डरकाका टोपी घालून दुसऱ्यांदा रांगेत शिरले.

"काका," कारकून म्हणाला, "टोपी नवी आहे, पण साबण मघाचाच आहे."

सगळे खदाखदा हसले. मला रडू येत होतं. एकच माणूस उरलं होतं, चौथ्या मजल्यावर. सासूबाई. गुडघ्यांमुळे वर्षभरात त्या जिना उतरल्या नव्हत्या. मी त्यांना आणायला वळले, तर जिन्यातून आवाज आला.

"ओरडू नकोस! पायांनी उतरतेय, तोंडाने नाही!"

कठडा धरून, एकेक पायरी बसत-उठत, त्या गाडीपाशी पोचल्या तेव्हा तीन मिनिटं उरली होती. ड्रायव्हरने इंजिन सुरू केलं.

"आई, काहीही उचला!" मी किंचाळले.

"काहीही?" त्यांनी माझ्याकडे रोखून पाहिलं. "वर्षभर काहीहीच खातेय. जो जातो तो टिकणारं आणतो. बटाटे नि कांदे, कांदे नि बटाटे. मला काय हवंय, हे कुणी विचारलंय?"

मला लाज वाटली. आमच्या मजल्याची पाळी बहुतेकदा माझीच असते.

त्यांनी एक वांगं उचललं, दाबलं, देठ उचलून पाहिला. "किडकं." परत ठेवलं. दुसरं घेतलं. "जून." परत ठेवलं.

"घ्या ना आजी!" एकोणसाठ माणसं ओरडत होती. कारकून घड्याळाकडे बघत होता. घाई करा म्हणायला माझंही तोंड उघडलं होतं. मग मी ड्रायव्हरकडे वळले.

"इंजिन बंद करा! आमच्या आई भाजी निवडतायत!"

त्याने इंजिन बंद केलं. गलका थांबला. सासूबाईंनी सावकाश चार वांगी निवडली, मग गाडीवरच्या भाजीवाल्याकडे पालकाची जुडी मागितली. "ही नको, मागची दे. कोवळी."

टक्.

"साठ," कारकून म्हणाला आणि घड्याळ बाहीखाली ढकललं. साडेदहा झाले होते की नाही, मी आजतागायत विचारलेलं नाही. सगळ्यांनी असा काही जल्लोष केला की वरच्या खिडक्या थरथरल्या.

सासूबाईंनी पिशवी माझ्या हातात दिली नाही. खांद्याला अडकवून त्या कारकुनाला म्हणाल्या, "पुढच्या आठवड्यात वांगी जरा बघून आणा. मी येणार आहे."