सुरमईचं पाणी

साक्षीदाराच्या पिंजऱ्याच्या कठड्याला हात लावण्याआधी कुंदाताईंनी पर्समधून रुमाल काढला, कठडा पुसला आणि रुमालाची मळकी बाजू आत घालून घडी केली. मागच्या बाकावर बसलेल्या त्यांच्या भजनी मंडळातल्या बायका कौतुकाने बघत होत्या.

सरकारी वकील समीक्षा चिखलेचं डोकं सणकलं. मुलाने सुनेचा हात पिरगाळून मोडला, आणि ही बाई कोर्टातली धूळ पुसतेय. मुलगा केयूर आरोपीच्या जागीही कडक इस्त्रीचा शर्ट घालून, लग्नाला आल्यासारखा बसला होता. शेजारच्या राजारामकाकांनी त्या संध्याकाळी स्वतः पोलिसांना फोन केला होता. कोर्टात मात्र त्यांना फक्त टीव्ही ऐकू आला होता. विलेपार्ल्याच्या त्या अख्ख्या इमारतीत एकालाही धड कान नव्हते.

सगळ्यात जास्त चीड तिला आणली होती ती कल्पिताने, केयूरच्या बायकोने. हॉस्पिटलात तक्रार दिली, आणि साक्षीला उभी राहिल्यावर खाली मान घालून म्हणाली, "सुरमई धुताना पाणी सांडलं होतं. त्यावर घसरले." समीक्षाने तिला फितूर ठरवून घेतलं, दोन-चार प्रश्न विचारले आणि पुन्हा तिच्याकडे पाहिलंही नाही. असल्या मठ्ठ बाईसाठी जीव आटवण्यात अर्थ नव्हता. तरी तिने केस सोडली नव्हती, कारण केयूरचं ते साळसूद हसू तिला बघवत नव्हतं.

अडचण एवढीच होती की हाड पिरगाळूनही मोडतं आणि पडूनही मोडू शकतं, असं डॉक्टर सांगून गेले होते. सुरमईची गोष्ट टिकली तर केयूर आज ना उद्या सुटणार होता. तीच गोष्ट पक्की करायला बचावाच्या वकिलांनी आईला आणलं होतं. कुंदाताईंनी ती पाठ केल्यासारखी सांगितली. मासा, पाणी, लादी, सून पडली.

समीक्षा उलटतपासणीला उठली.

"तो मंगळवार होता ना?"

"तारीख सांगितलीय मी. वार असेल तो असेल."

"मंगळवारी चालतात तुमच्याकडे मासे?"

"चालतात की. सोमवार-गुरुवार नाही."

समीक्षाच्या आईने जन्मभर वेसाव्याहून मासळी आणून पार्ल्याच्या गल्ल्यांत विकली होती. तिच्याकडून नाक मुरडत घासाघीस करणाऱ्या बायका समीक्षाने लहानपणापासून पाहिल्या होत्या. कोणत्या दिवशी पाटी भरलेलीच परत येते, हेही पाहिलं होतं.

"आणि अंगारकीला?"

कुंदाताईंनी आधी मागच्या बाकाकडे पाहिलं.

"शी! काहीतरीच काय विचारता? संकष्टीला आमच्याकडे कांदासुद्धा चिरत नाहीत. विचारा ना ह्यांना!"

भजनी मंडळाने माना डोलावल्या. समीक्षाने त्या वर्षीचं कॅलेंडर मॅजिस्ट्रेटपुढे ठेवलं. तो मंगळवार अंगारकीचा होता.

बचावाचे वकील ताडकन उठले. मॅजिस्ट्रेटनी त्यांना बसायला लावलं आणि स्वतःच विचारलं, "बाई, त्या दिवशी अपवाद म्हणून मासे आणले होते का?"

नुसतं हो म्हटलं असतं तरी भागलं असतं. केयूर डोळे मोठे करून आईला खुणावत होता. कुंदाताईंनी त्याच्याकडे पाहिलं, मग पुन्हा मागच्या बाकाकडे.

"नाही," त्या शेवटी म्हणाल्या. "आमच्या घरात असं होत नाही."

समीक्षा खाली बसली. पोटचा पोर आत गेला तर चालेल, पण नैवेद्याला मासळीचा वास लागलेला चालणार नाही! तिला हसूही आलं आणि किळसही वाटली.

कामकाज संपल्यावर ती बाहेर आली तेव्हा जिन्यापाशी कुंदाताई सुनेला दबक्या आवाजात फाडून खात होत्या.

"वकील बाथरूममध्ये पडली असंच सांगा म्हणत होते ना? सुरमईचं खूळ तुझं! म्हणे, बाथरूम कोणाला पटायचं नाही. लावलंस माझ्या पोराच्या नरडीला नख!"

"चुकलंच माझं, आई."

"मठ्ठ कुठली!" म्हणत कुंदाताई तरातरा जिना उतरू लागल्या.

मठ्ठ हे समीक्षालाही मान्य होतं. जाता जाता तिच्याने राहवलं नाही.

"अंगारकी आहे, एवढंही लक्षात नव्हतं तुमच्या?"

कल्पिताने मान वर केली. कोर्टात पहिल्यांदाच ती सरळ समीक्षाच्या डोळ्यांत बघत होती.

"मोदक मीच वळले होते, मॅडम. हात मोडायच्या आधी."

आणि पुन्हा खाली मान घालून ती सासूच्या मागोमाग हळूहळू जिना उतरली.