वाकड्यात गोड हाकेला ओ देऊ नये

आमच्या चिलोए बेटावर बटाट्याची शेतं संपली की वाकडं लागतं. दिसायला साधी झाडी, पण आत अंतरं धड राहत नाहीत. दहा पावलांवरचं झाड तासाभरानं हाताला लागतं, आणि मागं वळून पाहिलं तर आपलीच पाठ दिसते. मेंढ्या तिकडं भटकतात, म्हणून दर बुधवारी एक माणूस आत जाऊन हद्दीच्या खुंट्या ठोकतो. कोण गेलं, कधी परतलं, हे लिहायचं काम माझं. एकवीस वर्षांत एकही माणूस हरवलेला नाही, आणि त्याचं श्रेय गावातल्या बायकांच्या जिभेला.

पद्धत अशी. जाणाऱ्याच्या कमरेला लोकरीचा दोर, आणि झाडीच्या तोंडाशी त्याला हाका मारणारं माणूस. वाकडं आवाजाची हुबेहूब नक्कल करतं, पण त्याला नुसतं गोड बोलता येतं. तुमचे दोष त्याला कुठून ठाऊक असणार? म्हणून बाहेरच्यानं उणीदुणी काढायची आणि आतल्यानं त्या आवाजाच्या रोखानं यायचं. गोड हाक आली, की पाठ फिरवायची.

हाका मारणाऱ्यांची परीक्षा मीच घेतो. नवरे चौथ्या दोषाला अडखळतात. बायका मध्ये पाणीसुद्धा मागत नाहीत. एदेल्मिरा ओयार्सो तर एकदा नवऱ्यावर पाऊण तास बोलली, एकही दोष दुसऱ्यांदा न काढता. नवरा आबेलार्दो शेजारी बसून मान डोलवत होता.

त्या बुधवारी आबेलार्दो आत गेला. एदेल्मिरा दगडावर बसून विणता विणता सुरू झाली, "म्हाताऱ्या, चिखलाचे बूट घालून चुलीपाशी येतोस, लाज नाही!" आणि दोर एकदम सैल पडला. तिनं ओढला, तर नुसतं टोक हातात आलं. खुंटीला घासून तुटलं होतं.

विणकाम खाली पडलं. "आबेलार्दो! माझ्या जिवा! ये रे, परत ये!"

"एदेल्मिरा, गप!" मी ओरडलो. "तो लांब जाईल!"

तिनं तोंडावर हात दाबला. मग म्हणाली, "नोल्बेर्तो, काही आठवतच नाही रे."

"अगं, तो घोरतो."

"घोरत नाही. श्वास जरा मोठा आहे."

"शिंपल्याचा रस्सा सांडतो."

"हात थरथरतो बिचाऱ्याचा. पहाटे माझे बूट शेकून ठेवतो, ठाऊक आहे तुला?" आणि तिचे डोळे वाहायला लागले.

आत अगदी शांत होतं. मी हाका मारून भागणार नव्हतं. आबेलार्दोचे चारचौघांना माहीत असलेले दोनचार दोष तेवढे मला ठाऊक, आणि तो बाहेर येईपर्यंत ते पुरले नसते. मग मी मनाचा हिय्या केला.

"खरं सांगू? तुझा बाप म्हणायचा तेच बरोबर होतं. आळशी माणूस. तुझ्या घराच्या छपरालासुद्धा त्यानं कधी हात लावला नाही."

ती ताडकन उठली. "तू कोण रे बोलणारा? छप्पर त्यानंच केलं, एकट्यानं! अख्खा उन्हाळा वर चढून बसला होता! आणि केलं ते कसं? फळ्या उलट्या बाजूनं ठोकल्या! पन्हाळ माझ्या उशीवर काढली! मी म्हटलं, शेजारच्याला विचार, तर म्हणतो, मला कळतं! आबेलार्दो, काय कळतं रे तुला? पावसात छत्री घेऊन झोपते मी! शिडी मागून आणलीस ती तीन वर्षं परत केली नाहीस, आणि त्या माणसाला पाहिलं की माझ्यामागं लपतोस!"

"उशी तू सरकवलीस!" झाडीतून आवाज आला. "छप्पर बरोबर आहे!"

"बाहेर ये आणि दाखव!"

तो आला. गुडघे फुटलेले, टोपी गायब, आणि बोट अजून छपराच्या दिशेला. एदेल्मिरानं तुटका दोर त्याच्या कमरेच्या तुकड्याला गाठ मारून बांधला आणि दुसरं टोक मनगटाला गुंडाळलं. झाडी मागे पडली तरी सोडलं नाही.

वाटेत तो मला म्हणाला, "आज वाकड्यानं हिची नक्कल फार झकास केली, नोल्बेर्तो. 'माझ्या जिवा' म्हणाली. पाय निघेना माझा. पण नियम म्हणजे नियम, फिरवली पाठ."

मी एदेल्मिराकडं पाहिलं. ती समुद्राकडं पाहत होती.

"बरं केलंस," ती म्हणाली, आणि दोर आणखी एक वेढा गुंडाळला.